मत्थियाच्या हातातली पळी

चर्चमध्ये मुंगी शिरायला जागा नव्हती. एरवी रविवारी पुढची चार बाकं भरली तरी फादर खूश असायचे. आज माणसं खिडक्यांच्या कट्ट्यांवर चढून बसली होती. कुणी कुबड्या घेऊन आलेलं, कुणी पाठीला पट्टा बांधून, आणि निम्मे तर नुसतेच मजा बघायला, पण चेहरा मात्र आजाऱ्याचा करून. सगळ्यांच्या माना डाव्या भिंतीकडे वळलेल्या. त्या भिंतीतल्या कोनाड्यांत बारा प्रेषितांचे बारा पुतळे होते. प्रत्येकाच्या पायाशी नाव कोरलेलं आणि हातात काहीतरी धरलेलं. हे काहीतरी म्हणजे बहुतेकांच्या बाबतीत परंपरेने सांगितलेलं त्यांचं मरण. बर्थलमयची जिवंतपणी कातडी सोलली म्हणतात, म्हणून त्याच्या हातात सुरी. थोमाजवळ भाला, अंद्रियाजवळ तिरपा क्रूस.

त्यातल्या एका पुतळ्यासमोर साक्षीबंधू गुडघे टेकून थरथरत होता.

साक्षीबंधू हे काही त्याच्या आईबापांनी ठेवलेलं नाव नव्हे. ते त्याचं त्यानेच ठेवलं होतं. दर रविवारी दुपारी एक प्रेषित त्याच्या अंगात यायचा, आपण कसे मेलो ते रडून-ओरडून सांगायचा आणि जाता जाता त्या मरणाला साजेसा आजार बरा करायचा. सुरीवाला बर्थलमय खरूज-नायट्यासाठी. तिरप्या क्रुसावर हातपाय ताणलेला अंद्रिया सांधेदुखीसाठी. पेत्राला उलटं टांगून मारलं असं सांगतात, तेव्हा तो अंगात आला तर आपल्यालाही उलटं लटकावं लागणार हे ओळखून साक्षीबंधूने पेत्राचा नंबर सगळ्यात शेवटी लावला होता. माणूस हुशार, यात वाद नाही.

आज करवतवाल्याची पाळी होती. म्हणजे ज्यांना डॉक्टरांनी 'कापावं लागेल' म्हणून सांगितलंय, त्यांची.

"आलाऽऽ! आलाऽऽ!" साक्षीबंधू ताडकन उठला. आवाज एकदम घोगरा. "मी योहान! मला त्यांनी दोन फळ्यांत आवळलं! डोक्यावर करवत लावली! खर्र… खर्र… खर्र…"

बायकांनी तोंडावर हात घेतले. एका आजोबांनी खाली बसून घेतलं. साक्षीबंधूने मखमली कापडातून लाकडी करवत काढली, सदरा वर केला आणि करवत उघड्या पोटावरून ओढली. पोटावर लाल रेघ उमटली आणि तिचे ओघळ खाली निघाले. मग त्याने पांढऱ्या फडक्याने पोट पुसलं. फडकं लाल, पोट कोरं करकरीत. ओरखडासुद्धा नाही.

"बघितलंत? जखम मी घेतली आणि मीच भरली! अरे, डॉक्टर काय म्हणतो तुम्हाला? 'कापू.' मी म्हणतो, कापून झालंय! केव्हाच कापून झालंय! बारा जणांनी बारा हत्यारं तुमच्यासाठी अंगावर घेतली, आता तुमच्या अंगाला सुरी लागायचं कारणच काय? एकदा कापलेलं पुन्हा कोण कापतं?"

"कुणी नाही!" गर्दी म्हणाली.

चौथ्या बाकावर बसलेल्या ताईने कपाळावर हात मारला. ताईला ताई सगळेच म्हणत, तिच्याहून वयाने मोठे लोकसुद्धा, कारण तिच्या आवाजापुढे दुसरं काही म्हणायची कुणाची छाती नव्हती. मागच्या गल्लीत तिचा प्लास्टरच्या पुतळ्यांचा कारखाना होता. बगीच्यातल्या पऱ्यांपासून दुकानाबाहेरच्या शिंप्यापर्यंत सगळं तिथे ओतलं जायचं. ती आज इथे आली होती ती केवळ आत्याला एकटं सोडायला नको म्हणून.

आणि आत्या उठली. हाताने बाकांचा आधार घेत, लंगडत पुढे गेली. तिने उजव्या पायातली सपात काढली. अंगठ्याशेजारचं बोट काळंठिक्कर पडलं होतं. साखरेच्या आजाराने आधी जखम झाली, ती चिघळली, आणि आता डॉक्टरांनी स्पष्ट सांगितलं होतं की सोमवारी बोट काढायचं, नाहीतर हे वर सरकेल आणि पुढे पायावरच येईल. साक्षीबंधूने बाटलीतलं 'शांतिजल' त्या बोटावर शिंपडलं आणि लाकडी करवत टेकवली. बोटावर लाल थेंब आले.

"माय, तुझा पाय मी घेतला. उद्याचं रद्द कर."

"करते," आत्या म्हणाली. तिच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी वाहत होतं.

ताई तरातरा उठली. याची गचांडी धरायची आणि पायऱ्यांवरून खाली ढकलायचा, एवढाच विचार होता. पण उठल्यामुळे तिला तो पुतळा पहिल्यांदाच पूर्ण दिसला, आणि ती जागच्या जागी थांबली. दाढी नसलेला कोवळा चेहरा. पायाशी गरुड. खाली कोरलेलं नाव, योहान. आणि त्याच्या हातात करवत.

"अगं बाई गं!" ताई इतक्या मोठ्याने म्हणाली की शेजारणीला वाटलं, हिच्याही अंगात आलं.

झालं होतं ते असं. मागे छप्पर गळून पुतळ्यांचे पोपडे निघाले, तेव्हा फादरांनी ते ताईकडे दुरुस्तीला दिले होते. मोठ्या पुतळ्याचा पुढे आलेला हात दारातून नेताना हमखास मोडतो, म्हणून कारखान्यात हात वेगळे ओततात. मनगटात एक नळी, बाहीत एक भोक. आत सरकवलं, फिरवलं, वरून बाहीची कड आली की सांधा दिसत नाही. मोठ्या पुतळ्यांची सगळी मनगटं एकाच मापाची. त्यामुळे कुठलाही हात कुठल्याही अंगाला बसतो. सोयीचं असतं ते, आणि घोळही तिथेच होतो. पुतळे परत बसवले त्या दिवशी मोठे धर्मगुरू पाहणीला येणार होते, फादर मागे उभे राहून "आटपा, आटपा" करत होते, आणि हातांची पेटी ताईने स्वतः शिडीवरून भराभर रिकामी केली होती. करवत असायला हवी होती शिमोनच्या हातात. योहानाच्या हातात हवा होता पेला. तिने नजर पुढे नेली. तिकडे टकल्या शिमोन पेला धरून उभा होता.

आणि योहान? बाराही जणांत हाच तर एक, जो म्हातारा होऊन आपल्या बिछान्यात गेला असं परंपरा सांगते!

म्हणजे परंपरेतल्या योहानाला करवतीचं काही माहीत नव्हतं. माहीत होतं ते फक्त ताईच्या चुकीला. आणि तीच चूक आता घोगऱ्या आवाजात रडत होती.

संध्याकाळी आत्याच्या स्वयंपाकघरात खडाजंगी झाली. ताई आणि तिचा धाकटा भाऊ, दोघांना आत्यानेच वाढवलं होतं. आई गेली तेव्हा ताई शाळेत होती आणि भाऊ रांगत होता. आत्याने पायाच्या मशीनवर लोकांचे कपडे शिवून दोघांना शिकवलं. भाऊ आता शाळेत शास्त्र शिकवायचा, त्याला सगळे मास्तर म्हणत. तो पिशवीतून दोन बाटल्या घेऊन आला होता.

"आत्या, इकडे बघ. हे एक पाणी. लोखंडाचा एक क्षार आहे यात. जवळजवळ बिनरंगी दिसतं की नाही? हे मी हाताला लावलं. आता हे दुसरं पाणी, यातही एक क्षार, तोही बिनरंगी. यात चमचा बुडवला." त्याने चमच्याची कड हातावरून ओढली. लालभडक रेघ उठली. ओघळ आले. "दोन्ही एकत्र आली की रक्तासारखा रंग. पुसलं की संपलं. माझ्या वर्गातली पोरंसुद्धा करतात हे."

आत्याने चष्मा नाकावर सरकवून नीट बघितलं. मग चहाचा कप पुढे केला.

"छान केलंस. पण तुला असं करता येतं म्हणून तो तसंच करतो, हे कुणी सांगितलं? माझं मशीन शिवण घालतं म्हणून हाताने शिवणारी खोटी होते का?"

मास्तरने बाटल्यांना बुचं लावली.

"बरं, ते सोड," ताई म्हणाली. "आत्या, योहान करवतीने मेलाच नाही. तो म्हातारा होऊन गेला. ती करवत माझ्या हातून चुकून तिथे बसली. तुझ्या त्या बाबाने नुसतं हातात काय आहे ते बघितलं आणि ठोकून दिलं!"

आत्याने चष्मा काढून पदराने पुसला. ताईला वाटलं, जमलं.

"मग परंपरा चुकली असेल," आत्या शांतपणे म्हणाली. "जुने लोक ऐकीव सांगत आले. हा तर स्वतः येऊन सांगतोय ना. आणि करवत तुझ्या हातून तिथे का बसली, याचा विचार केलास? तुझ्याकडून बसवून घेतली असेल."

"कुणी?"

"त्यानेच!"

"आत्या, माझ्या गबाळेपणाचं खापर तू योहानाच्या डोक्यावर फोडतेस?"

"मी कुणाच्या डोक्यावर काही फोडत नाही. मी उद्या जाणार नाही, एवढंच सांगते. आणि उचलून न्यायची असेल तर बघा, वजन आहे माझं." मग तिचा आवाज खाली आला. "अगं, मी आयुष्यभर पायाने मशीन चालवलं. कापायचं म्हटलं की ते बंद पडलेलं मशीन दिसतं मला. कुणीतरी म्हणालं, कापायला नको. किती बरं वाटलं मला, तुला काय कळणार?"

ताई उठून अंगणात गेली आणि पदराने डोळे पुसून आली.

सोमवार गेला. दवाखान्यातली खाट दुसऱ्या कुणाला मिळाली. डॉक्टर फोनवर ताईवरच उखडले, "रोज थांबाल तसं रोज वर सरकेल, मी काय करू?" ताई कारखान्यात येऊन कामगारांवर डाफरली, एका परीचं नाक मोडून ठेवलं आणि पिंपावर बसून विचार करू लागली. साक्षीबंधूची खुबी तिच्या आता लक्षात आली होती. झाल्यानंतर कुठलंही खोटं कशालाही बसवता येतं, अगदी मोठ्या पुतळ्यांच्या हातांसारखं. परंपरा जुळली तर बाबा खरा, नाही जुळली तर परंपरा खोटी. तेव्हा त्याला असं काहीतरी द्यायला हवं की ज्याने या जगात कुणी मेलंच नाही. आधीच द्यायला हवं, म्हणजे नंतर सारवासारव करायला जागाच राहायला नको.

समोर एका खानावळीच्या मालकाने मागवलेला आचारी उभा होता. माणसाएवढा, गोलमटोल, गालांवर लाली, डोक्यावर उंच टोपी, आणि उजव्या हातात लांब दांड्याची पळी.

ताईने त्याच्याकडे बघितलं. त्याने ताईकडे बघितलं. ताईने पुढे होऊन त्याचा हात मनगटापासून फिरवून काढला.

येत्या रविवारी मत्थियाची पाळी होती. यहूदाच्या जागी नंतर निवडलेला हा बारावा. याच्या हातात कुऱ्हाड. परंपरेचंही याच्याबद्दल एकमत नाही, कुणी दगडांनी मारलं म्हणतात, कुणी कुऱ्हाडीने. पण पळीने मारलं असं आजवर कुणीही म्हटलेलं नव्हतं.

फादर हे ऐकून खुर्चीतच खचले.

"मत्थियाच्या हातात पळी? माझ्या चर्चमध्ये?"

"कुऱ्हाडीच्या पात्याचा टवका उडालाय, मागच्या खेपेलाच मी तुम्हाला म्हटलं होतं. तो हात दुरुस्तीला नेते. तोवर दुसरा बसवते. मी कुणाशी एक शब्द खोटं बोलणार नाही, कारण मी काही बोलणारच नाही."

"हे बरोबर आहे का, ताई?"

"फादर, खरं सांगा. तो माणूस योहानाच्या नावाने करवत करवत ओरडत होता, तेव्हा तुम्हाला कळलं नव्हतं?"

फादरांनी खिडकीकडे तोंड फिरवलं. मग म्हणाले, "कळलं होतं. आधी वाटलं मीच विसरलो. मग वाटलं, चार दिवस बाकं भरताहेत, कशाला बोला. मी घाबरलो, ताई." त्यांनी टेबलाच्या खणातून किल्ली काढून तिच्यापुढे ठेवली. "शिडी मी धरतो."

पळीला ताईने जुनाट पितळी रंग दिला. आचाऱ्याच्या बाहीची निळी पट्टी मात्र मुद्दाम तशीच ठेवली, नुसती मत्थियाच्या बाहीखाली दडवली. शनिवारी दुपारी साक्षीबंधू 'ध्यानाला' आला. हे ध्यान तो दर शनिवारी करायचा आणि त्या वेळी चर्च रिकामं लागायचं. ताई मागच्या बाकाआडून रंगाचा डबा हातात धरून बघत होती. त्याने नाव वाचलं. मग वर बघितलं. डोकं खाजवलं. डावीकडून बघितलं, उजवीकडून बघितलं, टाचा उंचावून पळीच्या वाटीत डोकावला, आणि कपाळाला हात लावून अर्धा तास बसून राहिला. बिचाऱ्याने आयुष्यात पहिल्यांदा खरोखरचं ध्यान केलं असेल. मग एकदम त्याचा चेहरा उजळला आणि तो बाजाराच्या दिशेने लगबगीने निघाला.

रविवारी गर्दी आणखी वाढलेली. एका आजीबाईंनी मत्थियाकडे बघून भुवया उंचावल्या.

"हे काय गं हातात? पूर्वी असं नव्हतं."

"आपण कधी नीट बघितलंय?" दुसरी म्हणाली. पहिलीला ते पटलं.

आत्या आज पहिल्या बाकावर होती. पाय सुजून सपातेत जाईना म्हणून तिने जाड मोजा चढवला होता, आणि तो कुणी बघू नये म्हणून पाय बाकाखाली ओढून बसली होती. दोन दिवस तिला ताप होता. ताईला तिने तो सांगितला नव्हता.

"आलाऽऽ! मी मत्थिया! अरे, माझे हाल कुत्रा खाईना!" साक्षीबंधू जमिनीवर लोळला. "त्यांनी मोठी कढई चुलीवर चढवली! त्यात शिसं वितळवलं! लालबुंद! आणि पळी… पळी… पळीने एकेक घोट माझ्या घशात ओतला! एक पळी! दोन पळ्या! 'पुरे' म्हटलं, तरी वाढतच राहिले!"

त्याने मखमली कापड उलगडलं. आतून लाकडी पळी निघाली. ती त्याने गळ्यावरून हनुवटीपासून खाली ओढली आणि लाल ओघळ वाहू लागले. चर्चभर हुंदके. "घशाचे, पोटाचे, अन्न न जाणारे, सगळे पुढे या! आता कुणाच्या घशात नळी जाणार नाही! माझ्या घशात पळी गेली आहे!"

तेवढ्यात मोठं दार करकरलं. मास्तर हातगाडी ढकलत आत आला. गाडीवर दोरीने बांधलेला, उंच टोपीवाला, गालांवर लाली असलेला आचारी सगळ्यांकडे बघून प्रसन्न हसत होता. त्याचा उजवा हात मनगटापासून गायब होता.

"हे काय चाललंय?" साक्षीबंधूचा घोगरा आवाज क्षणात साफ झाला.

"काही नाही," ताई म्हणाली. तिने शिडी लावली, फादरांनी ती धरली. "या बिचाऱ्याला उद्या खानावळीत कामावर हजर व्हायचंय. हाताशिवाय कसा जाईल? तो परत द्यायला आलेय."

ती वर चढली, मत्थियाचं मनगट धरून फिरवलं आणि पळीसकट हात बाहेर काढला. खाली येऊन तो आचाऱ्याच्या बाहीत सरकवला. निळी पट्टी निळ्या पट्टीला तंतोतंत मिळाली. आचारी पळी उगारून उभा राहिला, जणू आता कुणाला वाढू म्हणून.

पुढच्या बाकांवरचे लोक उठून आचाऱ्याचं मनगट बघायला वाकले.

"संतांची विटंबना!" साक्षीबंधू किंचाळला. "मला दिसलं ते मी सांगितलं!"

"अगदी बरोबर!" ताईचा आवाज छतापर्यंत गेला. "तुला दिसलं तेच तू सांगितलंस. कोनाड्यात दिसलं ते! लोकहो, ऐका. मागे योहानाच्या हातात करवत बसली ती माझी चूक. मी घाई केली, हात उलटेपालटे झाले, आणि ही गोष्ट मला चारचौघांत सांगताना मेल्याहून मेल्यासारखं होतंय. पण हा म्हणाला, योहानाला करवतीने कापलं. आज पळी मी मुद्दाम बसवली. हा म्हणाला, पळीने शिसं पाजलं. उद्या मी पुतळ्याच्या हातात केरसुणी दिली, तर हा म्हणेल, झाडून झाडून मारलं!"

कुणीतरी फिस्सकन हसलं. पण सगळे नाही हसले. एक बाई उठून म्हणाली, "पण रक्त? ते तर आम्ही डोळ्यांनी बघितलं!"

मास्तर वर्गात सर्वांत धीट आणि वर्गाबाहेर सर्वांत भित्रा. पण आज तो पुढे झाला. साक्षीबंधूच्या झोळीजवळ पडलेली 'शांतिजला'ची बाटली त्याने उचलली, स्वतःच्या हाताला लावली, आणि त्याचीच लाकडी पळी घेऊन हातावरून फिरवली. लाल ओघळ आले.

"मी मत्थिया नाही," मास्तर चाचरत म्हणाला. "मी सातवीला शास्त्र शिकवतो. एक पाणी कातडीला, दुसरं लाकडाला. दोन्ही मिळाली की लाल होतं. कुणीही या, हात पुढे करा, तुमच्याही हातावर करून दाखवतो."

चार-पाच हात पुढे आले. सगळे लाल झाले. पाठीला पट्टा बांधलेल्या एका गृहस्थाने आपल्या हातावरची रेघ पुसली, खाली कातडी तशीच आहे हे बघितलं, आणि मागच्या लोकांना हात उंच करून दाखवला.

आत्या उठली. बाक धरून, पाय ओढत साक्षीबंधूसमोर जाऊन उभी राहिली. ताई दोन पावलं पुढे सरकली, कारण इतकी मेहनत केली होती ती इथल्या कुणासाठी नाही, या एका म्हातारीसाठी.

आत्याने मास्तरच्या हातातली लाकडी पळी घेतली आणि उलटसुलट करून बघितली.

"बाळा, ही पळी तू काल बाजारातून आणलीस ना? दांड्यावर दुकानदाराचा शिक्का आहे बघ. पुसायलासुद्धा वेळ मिळाला नाही तुला?"

साक्षीबंधूने पळी हिसकायला हात पुढे केला. आत्याने ती मागे घेतली.

"मागच्या रविवारी तू माझ्या बोटाला करवत टेकवलीस," आत्या म्हणाली. "रद्द कर म्हणालास. मी केलं. तुला ठाऊक होतं का रे, माझ्या पायाला काय झालंय ते? हात लावून बघितलंस? वास तरी घेतलास? एक प्रश्न विचारलास?" तिने मोज्यातला पाय पुढे केला. "दोन दिवस ताप आहे मला. मी घरात कुणाला सांगितलं नाही, कारण तू म्हणालास, घेतला पाय. मला वाटलं, माझ्याच विश्वासात खोट असेल."

ताई धावली आणि तिने आत्याला दोन्ही हातांनी धरलं. कपाळ तव्यासारखं तापलं होतं.

मग जो गलका झाला त्यात साक्षीबंधू बाजूच्या दाराने निसटला. त्याच्यामागे काही लोक शिव्या देत धावले, आणि खोटं कशाला बोलू, दोघं-तिघं त्याच्या पाया पडायलाही धावले. अशी माणसं असतातच. फादर मात्र बाकावर उभे राहिले, त्यांच्या आयुष्यात पहिल्यांदाच, आणि म्हणाले, "योहान म्हातारपणी गेला, हे मला माहीत होतं. मी त्या दिवशी बोललो नाही. यापुढे या चर्चमध्ये कुणाच्या अंगात आलं, तर आधी डॉक्टरला बोलावलं जाईल." आणि ते उतरून आत्यासाठी गाडी बघायला धावले.

गाडी मिळेना, तेव्हा हातगाडीवरून आचाऱ्याला उतरवलं, आत्याला बसवलं आणि ताई, मास्तर, फादर तिघं तशीच तिला दवाखान्यात घेऊन गेली. डॉक्टरांनी मोजा कापून काढला, बघितलं आणि ताईकडे वळून एक अक्षर बोलले नाहीत. त्यांनी सगळं आत्यालाच सांगितलं. पायाचा फोटो काढून तिच्यापुढे धरला, कुठलं हाड खराब झालंय ते बोट ठेवून दाखवलं, बोथट सुईने टोचून तिला कुठे कळतंय आणि कुठे कळत नाही ते तिलाच मोठ्याने म्हणायला लावलं. आत्याने दहा शंका काढल्या. त्यांनी दहाही शंकांना उत्तरं दिली, आणि एका उत्तराला "हे मला नक्की सांगता येणार नाही" असंही म्हणाले. त्यावर आत्या म्हणाली, "मग कापा."

पाय वाचला. आत्या पुढे पुन्हा मशीनवरही बसली, थोडी तिरकी, पण बसली.

ती घरी आल्यावर शेजारपाजारच्या बायका बघायला आल्या. त्यातली एक खुर्ची जवळ ओढून हळूच म्हणाली, "आत्या, पलीकडच्या वस्तीत एक बाई आलीय म्हणे. नुसता डोळ्याला हात लावते आणि मोतीबिंदू उतरतो. माझ्या सासूला नेऊ का?"

ताईने रागाने तोंड उघडलं, पण आत्याने तिला हाताने थांबवलं. तिने आपला उजवा पाय बायकांच्या मधोमध ठेवला आणि पट्टी बाजूला केली. अंगठ्याशेजारी दोन बोटांची जागा मोकळी होती.

"डॉक्टरांनी एकच काढायचं म्हटलं होतं ना?" ती बाई चाचरली.

"एकच. सोमवारी गेले असते तर एकच," आत्या म्हणाली. "हे पहिलं आजाराने नेलं. त्याबद्दल माझी कुणावर तक्रार नाही. हे दुसरं मात्र मी विचारलं नाही म्हणून गेलं. तू सासूला कुठेही ने बाई, पण आधी विचार. समोर करून दाखव म्हण, दुसऱ्या कुणाला तपासू दे म्हण. जो दाखवेल त्याच्याकडे जा. जो चिडेल, त्याच्या दारातून सासूचा हात धरून परत फीर."